कटबाई कुणाला माफ करत नसत

कटबाईंना मी बारा वर्षं जवळून पाहिलं. एवढ्या वर्षांत त्यांनी कुणाला माफ केल्याचं मला आठवत नाही. कुणी समजूत घालायला गेलं की त्या म्हणायच्या, "माफ करायला मन मोठं लागतं म्हणे. माझं लहान आहे. पण त्यात जे ठेवलंय ते नीट ठेवलंय." आणि खरंच नीट ठेवलेलं असे. कोण, कुठे, काय बोललं, तेव्हा खोलीत आणखी कोण होतं आणि कोण गप्प बसलं. गप्प बसणाऱ्यांवर त्यांचा राग बोलणाऱ्यांपेक्षा जास्त असे.

कटबाई हे नाव नाशिक रोडच्या आमच्या जेल रोडवरच्या वस्तीतल्या पोरांनी ठेवलं. बाई डॉक्युमेंटरी काढायच्या. त्या काळी आमच्याकडे या प्रकाराला 'सरकारी शिनेमा' म्हणत. शूटिंगमध्ये ओरडायची सवय घरापर्यंत आलेली. समोरचा माणूस खोटं बोलायला लागला की त्या हात वर करून म्हणायच्या, "कट!" भाजीवाला असो, घरमालक असो, नाहीतर स्थळ सुचवायला आलेली शेजारीण असो. शेजारीण एकदा म्हणाली, "अहो, बाईच्या जातीला शेवटी आधार लागतोच." बाई म्हणाल्या, "कट. तुमचे आधार काल कुठल्या गटारात पडले होते ते मी पाहिलंय." शेजारीण परत आली नाही.

उंच, हडकुळ्या, सुती पातळ घोट्याच्या वर खोचलेलं, पायात कॅनव्हासचे बूट आणि मनगटावर पुरुषी घड्याळ. मुंबईत एका फिल्म कचेरीत त्या चांगल्या जागेवर होत्या. तिथे त्यांची एक मैत्रीण होती. दोघी एका खोलीत राहायच्या. कुणीतरी साहेबांना निनावी पत्र लिहिलं. साहेबांनी ते बाईंच्या तोंडावर फेकलं आणि राजीनामा मागितला. बाईंनी राजीनामा दिला, पण खाली पडलेलं पत्र उचलून पर्समध्ये ठेवलं. बाई नाशिक रोडला आल्या, मैत्रीण पुढे संसाराला लागली. तिचं नाव बाई घेत नसत.

ते पत्र मी पाहिलंय, आणि ते कसं वापरलं गेलं तेही. त्या कचेरीतला एक निवृत्त हेडक्लार्क त्र्यंबकला दर्शनाला आला होता, जाता जाता बाईंना भेटायला आला. बाईंनी त्याला बसवलं, चहा दिला, जुन्या गप्पा काढल्या. मग म्हणाल्या, "तुमचा पत्ता लिहून द्या ना. जळगावचा तो लांबलचक पत्ता माझ्या लक्षात राहत नाही." त्याने लिहून दिला. बाई आत गेल्या, पत्र आणलं आणि त्या कागदाशेजारी ठेवलं. "तुमचा 'ळ' अजून तसाच आहे हो. पोट फुगलेला." त्याच्या हातातली बशी वाजायला लागली. "चहा संपवा," बाई म्हणाल्या, "घाई नाही." त्याने तो चहा संपवला. तो घोट घोट गिळत असताना बाई त्याच्याकडे बघत होत्या. मी आयुष्यात एवढी कडक शिक्षा दुसरी पाहिली नाही.

मी जिल्ह्यातल्या एका सरकारी खात्यात प्रोजेक्टर चालवायचो. एक निळी व्हॅन, पडदा, जनरेटर आणि मी. गावोगाव जायचं आणि कुटुंबनियोजन, देवीची लस, कांद्याची चाळ, द्राक्षांवरचा भुरी रोग असल्या फिल्मा दाखवायच्या. त्यातल्या बऱ्याच फिल्मा खातं बाईंकडून कंत्राटाने करून घेई. त्यांना टेपरेकॉर्डर धरायला माणूस हवा असे, म्हणून आमच्या खात्याच्या साहेबांनी मला जोडून दिलं. पहिल्याच दिवशी व्हॅनमध्ये, चांदवडचा घाट चढताना, त्यांनी विचारलं, "मधू, लग्न का नाही केलंस?"

"जमलं नाही बाई."

"कट."

मी पुढच्या वळणाकडे बघत गिअर बदलला. घाट संपल्यावर त्या म्हणाल्या, "ठीक आहे. तू सांगू नकोस. पण माझ्याशी खोटं बोलू नकोस. मीही तशीच आहे." मी तेव्हा सत्तावीस वर्षांचा होतो. पुरुषाला पुरुषच आवडू शकतो, आणि तो पुरुष मी आहे, हे मी तोवर आरशातसुद्धा म्हटलेलं नव्हतं. या बाईने ते डिझेलच्या वासात, मी रस्त्यावरचे खड्डे चुकवत असताना, मळमळतंय का विचारावं तसं विचारून टाकलं होतं.

कुसुम आणि लीला आम्हाला अशाच एका शूटिंगमध्ये भेटल्या. चांदवडपासून सात-आठ मैलांवरचं गाव. नाव लिहीत नाही. ज्यांना लागायचं त्यांना लागेल. लीला तिथे सरकारी दवाखान्यात नर्स होती, मूळची नाशिकच्या बौद्ध वस्तीतली. कुसुम त्याच गावची, मराठ्याची मुलगी, गावच्याच शाळेत मास्तरीण. सोबत म्हणून ती लीलाच्या क्वार्टरमध्ये राहायला आली आणि राहूनच गेली. बाळाला लस टोचताना आई बाळाला कशी धरते, हे आम्हाला शूट करायचं होतं. बाळाची आई लाजली, म्हणून कुसुमने बाळ मांडीवर घेतलं. लीलाने सुई उचलली तशी कुसुमच घाबरून डोळे मिटून हसली. ते हसू फिल्ममध्ये आहे. फार तर चार सेकंद.

जेवायला त्यांनी आम्हाला घरी नेलं. एकच चूल, एकच ट्रंक, भिंतीवर एकच आरसा. लीलाने भाकरी थापली, कुसुमने शेकली. भाकरी एकीच्या हातातून दुसरीच्या हातात जाताना दोघीही बघत नव्हत्या, इतकी सवय. परत येताना बाई व्हॅनमध्ये म्हणाल्या, "मधू, या दोघींना कुणी सांगितलं नाही, वाचून कळलं नाही, शब्दसुद्धा माहीत नाही. शब्द नाही म्हणून माणसं नसतात असं थोडंच आहे?" त्यानंतर चांदवडकडचं कुठलंही काम बाई नाकारत नसत. जाताना लीलासाठी पुस्तकं आणि कुसुमसाठी नाशिकचा चिवडा.

पहिल्या भेटीनंतर दीड वर्षाने, मधे सहा महिने खंड पडल्यावर, आम्ही गेलो तर क्वार्टरला कुलूप. लीलाची बदली सुरगाण्याकडे, डोंगरात. कुसुमचं लग्न झालेलं, सटाण्याकडच्या एका बिजवराशी. आणि लग्नाला चार महिने होत नाहीत तोवर ती मेलेली. गावात कुणी काविळीने म्हणे, कुणी तापाने. दवाखान्यातल्या शिपायाने कानाशी येऊन सांगितलं, "कांद्यावर मारायचं औषिद पेली, बाई. लय वाईट झालं. पन बोलायचं नाय."

बाई सुरगाण्याला गेल्या. लीलाने सगळं सांगितलं. शाळेचे हेडमास्तर, गावात सगळे त्यांना गुरुजी म्हणत, त्यांनी या दोघींचा विषय देवळात बैठकीला घेतला होता. बाटलेली बाई शाळेत शिकवते, पोरींवर काय संस्कार होणार, आणि तीही कुणाबरोबर, तर 'त्या' वस्तीतलीबरोबर. गुरुजींचा राग दोन्ही गोष्टींवर होता. कुठला जास्त ते त्यांनाही सांगता आलं नसतं. लीलाविरुद्ध अर्ज गेला. कुसुमला भावाने ओढून नेलं. पुढचं लीलाला ठाऊक नव्हतं. बाई परत आल्या तेव्हा त्यांनी एवढंच विचारलं, "हे गुरुजी दिसतात कसे?"

ते कसे दिसतात हे पुढल्याच वर्षी पाहायला मिळालं. जिल्ह्यातल्या आदर्श शिक्षकांचा सत्कार ठरला आणि त्यात गुरुजींचं नाव निघालं. सत्काराच्या दिवशी दाखवायला त्यांच्यावर एक छोटी फिल्म करा, असं खात्याने ठरवलं. साहेबांनी बाईंना बोलावलं. मला वाटलं बाई टेबल उलथं करतील. बाई गोड हसल्या. "करते ना. अशा माणसांची नोंद राहिली पाहिजे."

चार दिवस आम्ही गुरुजींच्या ओट्यावर होतो. एवढ्या गोड बाई मी कधी पाहिल्या नव्हत्या. गुरुजींचा सदरा सारखा करायच्या, प्रकाश चांगला यावा म्हणून खुर्ची हलवायच्या, "वा गुरुजी, पुन्हा एकदा सांगा," म्हणायच्या. गुरुजी खुलत गेले. तीस वर्षांची शाळा, वडाची लागवड, शिस्त. तिसऱ्या दिवशी बाईंनी अगदी सहज विचारलं, "गावाचं चारित्र्य राखणं सोपं नसेल नाही?"

गुरुजी पुढे सरसावले. "सोपं? अहो, आमच्या शाळेत एक प्रकरण झालं होतं. दोन बाया. नवरा-बायकोसारख्या राहत होत्या, शी! त्यातली एक माझ्याच हाताखालची. मी तिला दोन दिवस शाळेच्या सामानाच्या खोलीत कोंडली. दार वाजवायची, आईला हाका मारायची. मी म्हटलं, वाजवू दे. वाकडं लाकूड सरळ करायचं तर आच द्यावीच लागते. तिचा भाऊ कच्चा, रडायला लागला. मीच त्याला धीर दिला. आईला आधीच माहेरी धाडली होती, नाहीतर बाईमाणसाचं काळीज. आठवड्यात लग्न लावून दिलं. गाव वाचलं."

"मग ती मुलगी आता?" बाईंनी विचारलं.

"गेली. नशीब एकेकाचं. पण जाताना पावन होऊन गेली, कुंकू लावून गेली."

टेपची चाकं फिरत होती. मी माईक गुरुजींच्या पुढ्यात धरून होतो. बाई म्हणाल्या, "फार छान बोललात." आवाजात कुठे चरा नव्हता. व्हॅन गावाबाहेर आली तशी त्यांनी ती थांबवायला लावली, बांधावर उतरल्या आणि ओकल्या.

फिल्मच्या दोन आवृत्त्या झाल्या. एक साहेबांनी पास केली, वडाची झाडं आणि शिस्तीची. दुसरीत गुरुजींचं ते बोलणं पूर्ण होतं, लसीच्या फिल्ममधलं कुसुमचं हसू होतं, आणि शेवटी लीला. लीला सुरगाण्याच्या दवाखान्याच्या पायरीवर बसून सरळ कॅमेऱ्यात बघून बोलते. बाईंनी तिला विचारलं होतं, पाठमोरी घेऊ का? लीला म्हणाली, "पाठ कशाला? चोरी केली का मी?"

सत्काराच्या दिवशी सकाळी बाईंनी दुसरा डबा माझ्या हातात दिला. "काय आहे ते तुला माहीत आहे. नोकरी जाईल. नाही म्हणालास तर आत्ता म्हण, मी दुसरं काही बघीन."

मी म्हणालो, "लावतो."

नाशिकमधलं मोठं सभागृह, पहिल्या रांगेत अधिकारी, मध्ये गुरुजी शालीत. फिल्म सुरू झाली. वडाची झाडं आली, टाळ्या पडल्या. मग ओटा आला आणि गुरुजी बोलायला लागले. सभागृह हळूहळू गप्प होत गेलं. "दार वाजवायची, आईला हाका मारायची." कुणीतरी बाई मागून मोठ्याने म्हणाली, "अगं आई गं." गुरुजी पडद्याकडे बघत होते आणि त्यांना अजूनही कळलेलं नव्हतं की लोक का गप्प झालेत. मग कुसुम हसली. मग लीलाचा चेहरा आला, पडदाभर. तिने तोंड उघडलं, "माझं नाव लीला..."

साहेब धावत माझ्यापाशी आले. "बंद कर! आत्ता! तूही त्यांच्यातलाच आहेस की काय?"

मी प्रोजेक्टरचा दिवा विझवला.

आजही मी ते वाक्य लिहितो तेव्हा हात जड होतो. नोकरीची भीती नव्हती. ती मी सकाळीच सोडली होती. भीती त्या एका प्रश्नाची होती. साहेबांनी तो शिवी म्हणून विचारला होता, उत्तर हवं म्हणून नव्हे. पण मी उत्तर दिलं. दिवा विझवून 'नाही' म्हटलं. अंधारात लीला तशीच उघड्या तोंडाने नाहीशी झाली. दिवे लागले तेव्हा गुरुजी मागच्या दाराने गेलेले होते आणि बाई माझ्याकडे बघत होत्या. त्या 'कट' म्हणाल्या नाहीत. ते मीच केलं होतं.

फिल्म जप्त झाली. निगेटिव्ह खात्याच्या नावावर असल्याने दुसरी प्रिंट निघणं शक्य नव्हतं. बाईंचं काम बंद झालं. माझी नोकरी टिकली, कारण मी वेळेवर दिवा विझवला होता. साहेबांनी माझ्या पाठीवर थाप मारली. त्या थापेची जागा मला अजून सांगता येईल.

त्यानंतर बाईंनी मला चार वर्षं दारात उभं केलं नाही. त्यांचा संताप मात्र कामाला लागला. जेल रोडवरच्या बाईंच्या दोन खोल्यांत दर रविवारी दुपारी बैठक भरू लागली. नोटांच्या प्रेसमधले दोन कामगार, लष्करी कॅम्पातला एक निवृत्त फौजी, कॉलेजातली एक मुलगी, फुलांच्या मळ्यातला एक माळी. पहिल्यांदा आलेला माणूस म्हणायचा, "मी जरा तसला आहे." बाई म्हणायच्या, "तसला म्हणजे कसला? शब्द उच्चार." वर्तमानपत्रांना त्या स्वतःच्या नावाने पत्रं लिहायच्या, तीनशे सत्त्याहत्तर कलम कुणाला कसं रडवतं ते सांगायच्या. दहातलं एखादं छापून यायचं, तेही कापून. गंगेच्या, म्हणजे आमच्या गोदावरीच्या, काठावर दोन पोरांना पोलिसांनी पकडलं तेव्हा बाई कॅमेरा खांद्याला लावून चौकीत गेल्या आणि हवालदारासमोर उभ्या राहिल्या. "मारा ना. मी घेतेय. चालू द्या." पोरं तासाभरात सुटली. कॅमेऱ्यात रीळ नव्हतं. हे सगळं मला ऐकून कळायचं. रविवारी मी त्या गल्लीवरून सायकलने जायचो आणि परत यायचो.

जप्त केलेला डबा माझ्याच खात्याच्या कपाटात होता. चार वर्षं मी त्याच्यासमोर बसून जेवत होतो. एक दिवस साहेबांची बदली झाली, नव्या साहेबांनी जुना माल जाळायची यादी काढायला सांगितली. मी द्राक्षांवरच्या भुरीची जुनी फिल्म त्या डब्यात भरली, भुरीच्या डब्यात लीला भरली, आणि भरदुपारी सायकलच्या कॅरिअरला बांधून जेल रोडला गेलो.

बाईंनी दार उघडलं. केस पांढरे झाले होते. डबा हातात घेतला, झाकण उघडून फिल्मचं टोक उजेडात धरलं. "तीच आहे," म्हणाल्या. मग माझ्याकडे बघितलं. "चांगलं केलंस. माफ केलेलं नाही."

"मागत नाही," मी म्हणालो. "पण ती पुढची दोन मिनिटं मला दाखवायची आहेत."

"कुठे?"

मी गावाचं नाव सांगितलं. बाई त्या दिवशी चार वर्षांनी माझ्यासमोर हसल्या. ते हसू चांगलं नव्हतं. मला फार आवडलं.

त्या शाळेत स्नेहसंमेलन होतं आणि मुलांना आरोग्याच्या फिल्मा दाखवायला आमची व्हॅन मागवली होती. प्रमुख पाहुणे म्हणून निवृत्त गुरुजी. दुपारची वेळ, वर्गांच्या खिडक्यांना गोणपाटं लावून अंधार केलेला. मुलांना मी आधी दातांची निगा दाखवली आणि मग त्यांना खाऊ घ्यायला बाहेर पाठवलं. आत राहिली मोठी माणसं. बाई दारापाशी उभ्या राहिल्या. त्यांच्याबरोबर सुरगाण्याहून एसटीने आलेली लीला होती. मी फिल्म लावली.

या वेळी गुरुजींना कळलं. ओटा दिसताच ते उठून उभे राहिले. "बंद कर रे! कोणी लावली ही?" पडद्यावरचे गुरुजी मात्र बोलतच होते. वाकडं लाकूड, आच, गाव वाचलं. सरपंचांचा मुलगा माझ्या अंगावर आला. "बंद करतो का फोडू? तुला काय एवढा पुळका? तू बी तसलाच हाय का?"

मी म्हणालो, "हो. तसलाच."

दाराकडून बाईंचा आवाज आला, "कसला? शब्द उच्चार!"

"समलिंगी आहे मी," मी ओरडून म्हणालो. माझा आवाज त्या खोलीत एवढा मोठा झाला की सरपंचांचा मुलगा एक पाऊल मागे सरकला. मी प्रोजेक्टरपुढे दोन्ही हात पसरून उभा राहिलो. माझ्या कानाशेजारून उजेड जात होता आणि पडद्यावर लीला सांगत होती, "माझं नाव लीला. मी कुसुमबरोबर तीन वर्षं राहिले. नवरा-बायको राहतात तशी. आम्ही कुणाचं काही वाईट केलं नाही. तिला भाकरी शेकता यायची, थापता यायची नाही. आता मी एकटी थापते नि एकटी शेकते."

फिल्म संपली. मी गोणपाट ओढलं. उजेड आत आला तेव्हा मागच्या बाजूने एक म्हातारी लोकांना सारत पुढे येताना दिसली. डोक्यावर पदर, हातात नातवासाठी आणलेला खाऊ. ती कुसुमची आई होती. ती संमेलनाला नातवाचा नाच बघायला आली होती.

ती गुरुजींसमोर येऊन उभी राहिली. "गुरुजी, ती मला हाका मारत व्हती?"

गुरुजींनी दाराकडे पाहिलं.

"तुम्ही मला म्हनले व्हते, पोर हासत गेली. म्हनले, तिलाच घाई व्हती लगनाची. काविळीनं गेली म्हनले. मी म्हाहेरून आले तर पोर नाय. आन ती त्या खोलीत मला हाका मारत व्हती?" तिने हात केला, सामानाची खोली तिथेच, पलीकडच्या व्हरांड्यात होती. तिचा मुलगा, कुसुमचा भाऊ, मागे भिंतीला टेकून उभा होता. त्याने तोंड झाकून घेतलं.

लीला पुढे आली. दोघी एकमेकींना पूर्वी भेटलेल्या होत्या की नाही मला माहीत नाही. म्हातारीने तिला आधी ओळखलं नाही, मग ओळखलं. तिने हातातला खाऊ लीलाच्या हातात दिला आणि मला म्हणाली, "ती हासती ते परत लाव."

मी परत लावलं. चार सेकंद. तिने अकरा वेळा लावायला सांगितलं, मी अकरा वेळा लावलं. तोवर गुरुजी तिथेच होते. दारात बाई उभ्या होत्या आणि त्या हलत नव्हत्या.

मी बाईंना हळूच म्हणालो, "कॅमेरा आहे ना पिशवीत? काढा."

"नाही," बाई म्हणाल्या. "हे तिचं आहे."

दुसऱ्या दिवसापासून म्हातारी रोज सकाळी गुरुजींच्या ओट्यासमोर जाऊन उभी राहायची. शिवी नाही, बोलणं नाही. त्यांचा चहा होईपर्यंत, पेपर वाचून होईपर्यंत. पावसात डोक्यावर पोतं घेऊन. गुरुजींनी ओट्यावर बसणं सोडलं, मग पेपर सोडला, मग गाव. बाईंना हे मी सांगितलं तेव्हा त्यांनी डोळे मिटून ऐकलं आणि म्हणाल्या, "आणखी एकदा सांग."

माझी नोकरी गेली. मी कॅम्पातल्या बाजारात रेडिओ आणि लाउडस्पीकर दुरुस्तीचं दुकान टाकलं. रविवारी मी बैठकीला जाऊ लागलो, आणि ती फिल्म लागली की प्रोजेक्टर मीच चालवायचो. पुण्यात, धुळ्यात, औरंगाबादेत, कुणाच्या तरी गच्चीवर, कुणाच्या तरी बैठकीच्या खोलीत चादर लावून. बाईंनी मला तेवढं काम दिलं, त्यापलीकडे काही नाही. मी मागितलंही नाही.

बाई गेल्या त्या एका उन्हाळ्यात, मूत्रपिंडाच्या दुखण्याने. शेवटच्या आठवड्यात लीला रजा घेऊन त्यांच्यापाशी होती. दुसऱ्या दिवशी गावातल्या एका दैनिकात आतल्या पानावर चार ओळी आल्या. माहितीपट काढत असत, अविवाहित होत्या, त्यांच्या मागे कुणी नाही.

लीलाने ते कात्रण माझ्यापुढे ठेवलं आणि चप्पल पायात घातली. मी दुकान बंद केलं. प्रेसमधले दोघे पाळी सोडून आले, फौजी काठी टेकत आला, माळी फुलांचा टेम्पो घेऊनच आला आणि त्यात आम्ही सगळे बसलो. कॉलेजातली ती मुलगी आता स्वतः प्राध्यापक होती, ती वर्ग सोडून आली, रविवारच्या बैठकीतले बाकीचेही आले. दैनिकाच्या कचेरीत आम्ही सतराजण त्या छोट्या खोलीत घुसलो तेव्हा उपसंपादक चहा पीत होते. "काय, जाहिरात द्यायची आहे का?" त्यांनी विचारलं.

लीलाने कात्रण टेबलावर ठेवलं. "यांच्या मागे कुणी नाही, असं छापलंय तुम्ही."

"मग? चुकलं का काही? नवरा, मूलबाळ..."

"आम्ही आहोत," लीला म्हणाली. "लिहा. मी सांगते एकेकाचं नाव. आणि प्रत्येकाच्या नावापुढे काय लिहायचं तेही सांगते."

उपसंपादकांनी आमच्याकडे एकदा बघितलं, दाराकडे बघितलं. दाराशी माळी उभा होता आणि त्याने कडी लावली होती. त्यांनी पेन उचललं. पहिलं नाव मी सांगितलं, माझं.